धड्याची गारगोटी

१

दुकानाच्या फळ्या काढल्या की धरमचंद उदबत्तीच्याही आधी तराजू पुसायचा. दोन्ही पारडी कोरड्या फडक्यानं, मग साखळ्या, मग दांडी. नंतर हात काढून घ्यायचा आणि काटा डोलून डोलून मध्यावर थांबेपर्यंत तसाच उभा राहायचा. नारायणगावच्या पेठेत त्याच्या वडिलांनी किराणा मांडला तेव्हापासूनची ही रीत. पेठेत कोणाला कोण काय म्हणेल त्याचा नेम नव्हता, पण धरमचंद शेटनं काटा मारला असं आजवर कोणी म्हटलं नव्हतं, आणि तेवढ्या एका गोष्टीवर तो मान वर करून चालायचा.

त्या काळात गोडेतेल अजून सुटं मिळायचं. बायका घरून आपापली किटली, बरणी घेऊन यायच्या. रिकामं भांडं एका पारड्यात ठेवायचं, दुसऱ्या पारड्यात तेवढ्याच भाराचं काहीतरी घालून काटा मध्यावर आणायचा आणि मग तेल तोलायचं. ह्याला धडा करणं म्हणतात. धड्याला कोणी फुटकी वजनं वापरी, कोणी नदीतले गोटे. धरमचंदच्या दुकानात गंजके नटबोल्ट होते आणि एक गारगोटी होती.

ती वारूळवाडीच्या गेणभाऊनं दिलेली. त्यानं विहिरीला सुरुंग लावला तेव्हा काळ्या खडकात एक पोकळी निघाली, आणि पोकळीच्या भिंतींना पांढऱ्या, कडेला हिरवट झाक असलेल्या गारगोट्या लगडलेल्या. नाशिकचा कोणी व्यापारी येऊन सगळा माल घेऊन गेला. गेणभाऊनं मुठीएवढी एक ठेवली होती ती दुकानात आणून दिली.

"शेट, ही तुमाला. पोरीच्या टेबलावर ठिवा, लई चमकती."

धरमचंदच्या आईनं, झमकूबाईनं, ती उजेडात फिरवून बघितली. "खाता येत न्हाई, इकता येत न्हाई," ती म्हणाली. "मंग धड्याला घाल." आणि तिनंच ती पारड्यात टाकली.

कुशाबाईची पितळी किटली म्हणजे गारगोटी आणि दोन बोल्ट, हे धरमचंदच्या हाताला पाठ होतं. अठ्ठ्याण्णव सालची दिवाळी झाली आणि एका सकाळी त्यानं सवयीनं दोन बोल्ट टाकले तर पारडं खाली गेलं. एक काढला. काटा मध्यावर आला. पुढच्या खेपेला बोल्ट लागलाच नाही. त्याच्या पुढच्या खेपेला बोल्ट किटलीच्या बाजूला टाकावा लागला.

"शेट, दगडाला जेवू घालता का काय?" कुशाबाई म्हणाली.

"घालते की," गादीवरून झमकूबाई म्हणाली. "तुझ्याच वाटचं."

बाया हसल्या. धरमचंद हसला नाही. किटली राखेनं घासून घासून झिजली असेल, असं त्याला वाटलं. दुकान रिकामं झाल्यावर त्यानं छाप मारलेली वजनं काढली आणि किटलीऐवजी गारगोटीच तोलली. मग ती सोड्याच्या पाण्यात धुतली, उन्हात वाळवली, आठ दिवसांनी पुन्हा तोलली. वजनं खरी होती. काटा खरा होता. गारगोटी जड झाली होती.

२

झमकूबाई मारवाडातून लग्न होऊन आली तेव्हा परकरी पोर होती. घरात मारवाडी बोलायची, पण मराठी ती शिकली विहिरीवरच्या आणि कांद्याच्या खुरपणीवरच्या बायांकडून. त्यामुळे तिची मराठी निव्वळ रानातली होती. दोन्ही भाषा ती दोन हातांसारख्या वापरायची. एकीनं थोपटायचं, दुसरीनं झोडपायचं, आणि कुठला हात कुठल्या वेळी येईल ते तिचं तिलाही माहीत नसायचं. तराजूशेजारच्या गादीवर ती मूग-मटकी निवडत बसे. बाया तेलाला म्हणून येत आणि तिच्या शिव्या ऐकत बसत. पेठेतल्या एकूण एक व्यापाऱ्याला तिनं नाव ठेवलेलं होतं, आणि एकही नाव चारचौघांत घेण्यासारखं नव्हतं.

धरमचंद रेडिओवरच्यासारखं स्वच्छ बोलायचा. पुण्याचे जैन समाजातले लोक आले की हिंदीत बोलायचा. आणि त्या वेळी झमकूबाई मधे बोलली की त्याच्या कानाच्या पाळ्या तापायच्या.

आदल्या वर्षी खुशबूला, त्याच्या मुलीला, बघायला पुण्याहून लोक आले होते. मोठं घर, कांदा-लसूणही न खाणारं. चहा झाला, पत्रिका निघाल्या, आणि झमकूबाई मुलाच्या आईला म्हणाली, "पोरीला काय दुखणंबिखणं हाय का, इचारा की. लाजता कशाला? काय न्हाई तिला. बापाला मूळव्याध हाय, पर ती काय पोरीत उतरत न्हाई." मग कोणी न विचारता धरमाच्या लहानपणाकडे वळली. "ह्यो? ह्यो डोक्यावर लसणाची पाटी घेऊन आळ्यापस्तोर अनवानी जायाचा. बघा की पाय, अजून फताडं हायेत."

पाहुण्यांनी धरमचंदच्या पायांकडे बघितलं. पत्रिका जमत नसल्याचा निरोप मध्यस्थाकरवी आला.

३

गारगोटी रोज जड होत नव्हती. धरमचंदनं लक्ष ठेवलं. आठवड्याच्या बाजारादिवशी, दुकानात पाय ठेवायला जागा नसायची आणि सगळ्या बाया एकदम बोलायच्या, तेव्हा दुसऱ्या सकाळी काटा कलायचा. दुकान बंद असलं की ती होती तेवढीच राही. घरातला टीव्ही दिवसभर तिच्यासमोर चालू ठेवून पाहिला. काही नाही. रेडिओ ठेवून पाहिला. काही नाही. तिला जिवंत तोंडातलं लागत होतं.

हे मनात आलं आणि त्याला स्वतःचंच हसू आलं. दमट हवा असेल. बाजारात धूळ असते. धुळीला वजन असतं.

कुशाबाई एक दिवस गूळ घेताना म्हणाली, "नातीला लाडू करायचेत. आमची ती... आवं ती, थोरल्याची... " आणि थांबली. जरा वेळ तोंड उघडं ठेवून उभी राहिली. मग हसली. "बगा की, नातीचं नाव इसारले. डोकं पिकलं."

"हर्षाली," धरमचंद म्हणाला.

कुशाबाईनं त्याच्याकडे अनोळखी नजरेनं बघितलं. नाव ऐकूनही तिच्या चेहऱ्यावर काही उमटलं नाही.

झमकूबाई तराजूच्या सगळ्यांत जवळ बसायची. पारडं खाली आलं की तिच्या खांद्याशी यायचं. तीही मधेच अडखळू लागली होती. शिवी अर्ध्यावर आणून सोडून द्यायची. मटकीच्या परातीत बोटं फिरवत विचारायची, "धरमा, ह्याला काय म्हंत्यात रं?"

"वय झालं बाई," तो म्हणायचा. आईला तो बाईच म्हणे.

"वय तर केवाच झालं," ती म्हणायची. "त्ये आज कसं आठवलं त्याला?"

४

एका दुपारी दुकानामागच्या खोलीत, कोणी नसताना, त्यानं गारगोटी तोंडाजवळ धरली. काय बोलावं ते सुचेना. पन्नाशीचा माणूस दगडाशी बोलायला उभा, हे कोणी बघितलं तर, ह्या विचारानं त्यानं आधी दाराला कडी घातली. मग समोरच्या फळीवर जो डबा दिसला त्याचं नाव घेतलं. हळद. पुन्हा घेतलं. हळद, हळद, हळद, तोंडाला कोरड पडेपर्यंत.

आरशावर धरते तशी गारगोटीवर वाफ धरली. ती विरली नाही. आत गेली.

सकाळी एक बाई आली आणि काहीतरी मागितलं. धरमचंदला पाव किलो एवढंच समजलं.

"काय पाहिजे?"

बाईनं पुन्हा सांगितलं. कानाला आवाज ऐकू आला, पण तो नुसता आवाज होता, लाकडावर लाकूड आपटल्यासारखा.

"काय शेट, बहिरं झालात का? ते, ते," म्हणत तिनं बोट दाखवलं. बोटासमोर पिवळी पूड होती. ती कशाला लागते, कुठून येते, सगळं त्याला ठाऊक होतं. त्यानं पुडी बांधून दिली. दिवसभर तो तो शब्द जिभेनं शोधत राहिला. तिथं काही नव्हतं.

त्यानं गारगोटी गोणपाटात गुंडाळून तुपाच्या रिकाम्या डब्यात घातली आणि डबा माळ्यावर टाकला. धड्याला फक्त बोल्ट ठेवले. गावात साध्वीजी आल्या होत्या, त्यांना आडून विचारलं की जमिनीतून काढलेल्या दगडात जीव असतो का.

"जमिनीत असतो तोवर असतो," त्या म्हणाल्या. "खोदून काढला, वाळला, की राहत नाही."

त्याला बरं वाटलं. झमकूबाईचं गेलेलं परत आलं नाही, पण नवीन काही जाईनासं झालं. राहिलेल्या शिव्यांवर ती भागवू लागली, आणि त्याही काही कमी नव्हत्या.

५

ज्येष्ठात पुन्हा पुण्याचाच निरोप आला. पारसमलजी म्हणून होते, मुलगा सीए. ह्याहून चांगलं घर खुशबूला मिळणार नव्हतं, आणि एकदा नकार आलेल्या मुलीकडे लोक कसं बघतात ते पेठेत सगळ्यांना ठाऊक होतं.

धरमचंदनं आईला सुचवून पाहिलं, बहिणीकडे आळेफाट्याला जाऊन या.

"नातीला बगाय पावणं येनार," झमकूबाई म्हणाली, "आन मी फाट्यावर बसून एश्ट्या मोजू?"

"मग निदान त्या दिवशी जरा कमी बोला."

"बरं." तिनं मटकीतला एक खडा वेचून टाकला. "कमी म्हंजी किती? तोलून दे."

त्यानं दुसऱ्या दिवशी माळ्यावरचा डबा उतरवला.

थोडंच, असं त्यानं स्वतःला सांगितलं. तिखट तेवढं जाईल. म्हातारपण आज ना उद्या नेणारच आहे. दगडात जीव नाही, म्हणजे हिंसा नाही. असं एकेक कारण तो तराजूत बोल्ट टाकावा तसं टाकत गेला, आणि काटा मध्यावर येईना तरी टाकत राहिला.

गारगोटी जुन्या धोतरात बांधून त्यानं तिच्या उशाशी ठेवली. "असू द्या, गार लागते. उन्हाळा आहे," म्हणाला. पण नुसती ठेवून भागणार नव्हतं. तिनं बोलायला हवं होतं. म्हणून तो तिच्या खाटेशी बसला आणि कित्येक वर्षांत विचारलं नव्हतं ते विचारलं.

"बाई, तुमचं गाव कसं होतं?"

झमकूबाईनं त्याच्या कपाळाला हात लावून बघितला. "तापबीप हाय का तुला?"

"नाही. सांगा ना."

तिनं सांगितलं. त्या दुपारी, दुसऱ्या दुपारी, तिसऱ्या दुपारी. गावाच्या विहिरीवर पाणी ओढणारा आंधळा उंट. आगगाडीत नवऱ्याकडे बघायची चोरी म्हणून त्याचे नुसते जोडे बघत केलेला प्रवास. नारायणगावात आल्यावर दोराला काय म्हणतात ते माहीत नाही म्हणून विहिरीवर रडत बसली होती, तेव्हा एक माळीण भेटली. तिनं ओढलेल्या दर घागरीमागे एक शब्द शिकवला. घागर चुकली तर शब्द नाही. धरमाच्या आधीची दोन मुलं, त्यांची नावं, जी त्यानं कधी ऐकली नव्हती. त्याला झोपवायचं गाणं. मारवाडीतून मराठीत, मराठीतून मारवाडीत, हसत, मधेच डोळे पुसत. मुलगा शेजारी बसून ऐकतोय ह्यानं ती मोहरून गेली होती. एका दुपारी तो यायच्या आधी तिनं केसांना तेल लावून घेतलं होतं, पाहुण्याकडे जाताना लावतात तसं.

ती थांबली की धरमचंद म्हणायचा, "मग?"

प्रत्येक वेळी म्हणताना त्याला ठाऊक असायचं की आपण काय करतोय. मान खाली घालून म्हणायचा. मायेनं ऐकतोय म्हणून मान खाली आहे असं तिला वाटो, एवढीच इच्छा असायची. गिऱ्हाइकानं हाक मारली की तो दुकानात जायचा, आणि परत येताना त्याला बाहेरूनच ऐकू यायचं, ती एकटीच हळू आवाजात बोलत असायची.

शेवटच्या दुपारी ती तोंड उघडून त्याच्याकडे बघत राहिली. "मग?" तो म्हणाला. तिनं त्याच्या गालावरून हात फिरवला.

६

पारसमलजींना घर आवडलं, मुलगी आवडली. झमकूबाई धुतलेल्या लुगड्यात, हात मांडीवर ठेवून, सगळ्यांकडे हसून बघत बसली होती.

"आपकी माताजी कितनी शांत हैं," पारसमलजींची बायको म्हणाली. "आजकाल ऐसे संस्कार कहाँ दिखते हैं."

धरमचंदनं हात जोडले. नारळ दिला, घेतला. दिवाळीनंतरची तारीख ठरली.

पाहुणे गेल्यावर खुशबू आजीच्या पाया पडली. "दादी, काहीतरी बोला ना. चिडवा तरी."

झमकूबाईनं तिची हनुवटी धरली आणि वासराला करतात तसा जिभेनं आवाज केला.

"पप्पा, दादीला काय झालंय?"

"वय झालं."

डॉक्टरांनीही तेच सांगितलं. हात-पाय, तोंड, सगळं ठीक होतं. ती जेवायची, न्हायची, मटकी निवडायची. फक्त तिला कोणी बोललेलं कळायचं नाही, आणि बोलायचं असतं हेच ती विसरल्यासारखी झाली होती.

कुशाबाई रिकामी किटली घेऊन गादीशी येऊन बसायची. "आक्का, एक शिवी दे की गं. तुज्या शिवीबिगर तेल गोड लागंना." झमकूबाई तिला परातीतली मूठभर मटकी उचलून द्यायची.

खुशबू दिवसभर तिच्या खाटेवर बसून बोलायची, गाणी म्हणायची. एकदा धरमचंदनं दारातून बघितलं तर पोर मधेच अडली होती आणि कपाळावर बोट ठेवून काहीतरी आठवत होती. उशाशी धोतराचं गाठोडं अजून होतं. त्यानं धावत जाऊन त्याला हात घातला. एका हातानं ते उचललं गेलं नाही.

७

संवत्सरीच्या दिवशी दुकान बंद होतं. वर्षभरात कळत-नकळत कोणाला दुखवलं असेल त्याची माफी मागायचा दिवस. धरमचंद उपाशीपोटी घरोघर फिरला, ज्यांच्याशी कधी चकार शब्द झाला नव्हता त्यांच्यापुढेही हात जोडून "मिच्छामि दुक्कडम्" म्हणाला. ते सोपं होतं. दुपारी घरी येऊन त्यानं आईच्या पायांवर डोकं ठेवलं आणि तेच म्हटलं.

झमकूबाई त्याच्या हलणाऱ्या ओठांकडे बघत होती. कौतुकानं, लहान मूल भिंगरीकडे बघतं तशी.

तो मागच्या खोलीत गेला. गाठोडं सोडून गारगोटी जमिनीवर ठेवली आणि गुळाची ढेप फोडायची हातोडी घेतली. आत गेलंय ते बाहेर यायला हवं, एवढाच हिशेब. पुरती फोडली आणि सगळंच सांडून गेलं तर, ह्या भीतीनं त्यानं आधी एका कोपऱ्यावर बेतानं मारली.

दगड फुटल्याचा आवाज झाला नाही. कोणीतरी बोलण्याआधी श्वास घ्यावा तसा झाला. चिमूटभर कपची उडाली आणि खोलीत झमकूबाई बोलली. तिचा भरदार, पेठेत ऐकू जायचा तो आवाज, जरा दबवलेला.

"गेला का दुकानात? गेला. आता तुज्याशी बोलते. तू हिकडचा दगुड, तुला मारवाडी कळायची न्हाई, म्हून मराठीत सांगते. मी तराजूपाशी बसते दिवसभर, मला काय कळत न्हाई व्हय? घे बाबा. सगळं घे. पोराला लाज वाटती माझी, आन पोरीचं चांगलं व्हतंय. पर पुढं कदी त्याच्या जिवाला लागलंच, तर त्याला येवढं सांग, की—"

संपलं. त्यानं कपची उचलून कानाला लावली. ती मिठाच्या खड्यासारखी त्याच्या बोटांत भुगा झाली. जे बोललं गेलं ते एकदाच बोललं गेलं होतं.

पुढचे शब्द आत होते. दुसऱ्या घावाला ते निघतील, किंवा आंधळा उंट निघेल, किंवा झोपवायचं गाणं, किंवा त्या दोन मुलांची नावं, आणि निघालं की गेलं. कुठल्या कोपऱ्यात काय आहे ते त्याला माहीत नव्हतं. हातोडी वर गेली आणि तशीच राहिली.

पाठीमागे पावलं वाजली. झमकूबाई आवाजाच्या रोखानं येऊन दारात उभी होती. ती धरमचंदकडे बघत नव्हती. ती खोलीत बोलणाऱ्या बाईला शोधत होती. मग तिला सापडल्यासारखं वाटलं असावं, कारण तिनं पदर कपाळावर ओढून घेतला, अनोळखी वडीलधारी बाई घरात आली की ओढतात तसा. कोपऱ्यातली चटई घेऊन तिनं गारगोटीच्या पलीकडे अंथरली, तळव्यानं साफ केली आणि अदबीनं हात दाखवला, बसा.

मग तिनं धरमचंदकडे वळून ओंजळ ओठांशी नेली. पाहुणीला पाणी हवं होतं.

तो उठला. तांब्या भरून आणला. दारात आला तेव्हा झमकूबाई चटईसमोर बसली होती, पाठ ताठ, चेहरा पुढे केलेला, ऐकायला तयार. तांब्या हातात घेऊन धरमचंद तिथंच उभा राहिला. तो कोणासमोर ठेवायचा, हे त्याला कळेना.